अक्षरहस्त : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नागपुरातल्या आमच्या कथाबैठकींना येणारे लोक आणि विदर्भाबाहेरून पत्र लिहिणारे वाचक जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते येथे एकत्र केले आहेत. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल. एखाद्या मुद्द्याचा विस्तार दुसरीकडे असेल, तर त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. अक्षरहस्त म्हणजे नेमके काय? ही खरी मंत्रविद्या आहे का?

नाही. अक्षरहस्त ही आम्ही रचलेली, पूर्णपणे काल्पनिक अशी विधिपद्धती आहे. कथाबैठकीत काही माणसे गोल बसून एक गोष्ट मिळून घडवतात आणि त्या गोष्टीतली जादू कशी चालते, याचे नियम ही पद्धती सांगते. पात्राने गोष्टीत काही घडवून आणायचे असेल, तर ते पात्र खेळणाऱ्या व्यक्तीने ठरलेले अक्षर ठरलेल्या हस्तक्रियेसह उच्चारायचे असते; यालाच आम्ही प्रयोग म्हणतो. मुख आणि हात यांचा मेळ बसला की गोष्टीत तो परिणाम घडला असे सर्व जण मानतात. बैठकीबाहेर या उच्चारांना कोणतीही शक्ती नाही, आणि ती आहे असे कोणी सांगत असेल तर ते आमचे म्हणणे नव्हे.

२. मग ही कोणत्या प्राचीन ग्रंथातून घेतली आहे?

कोणत्याही नाही. नागपुरात आणि इतरत्रही एखादी गोष्ट जुनी आहे असे सांगितले की तिला आपोआप मान मिळतो. तो मान आम्हाला नको आहे, कारण तो आमचा नाही. तथापि ही पद्धती ज्या खऱ्या ज्ञानावर उभी आहे, त्याचे ऋण स्पष्ट सांगणे आवश्यक आहे. व्यंजनांची कंठ, तालू, मूर्धा, दंत आणि ओष्ठ या उच्चारस्थानांनुसार केलेली मांडणी भारतीय शिक्षाग्रंथांची (उच्चार शिकवणाऱ्या जुन्या ग्रंथांची) आणि व्याकरणपरंपरेची आहे, आणि आपली बाराखडी आजही त्याच क्रमाने शिकवली जाते. उच्चारासोबत हात चालवण्याची कल्पनाही नवी नाही. सामवेद गाणारे सामगायक अंगठा बोटांच्या पेरांवर टेकवून स्वर दाखवतात, तर शुक्ल यजुर्वेदाच्या माध्यंदिन शाखेत हात वर-खाली नेऊन स्वरांचे भेद दर्शवले जातात. वेदपठणाच्या या मौखिक परंपरेला युनेस्कोने २००३ मध्ये मानवजातीचा अमूर्त वारसा म्हणून गौरवले आणि २००८ मध्ये तिचा समावेश प्रातिनिधिक यादीत झाला.

आम्ही या परंपरांमधील एकही मंत्र, मुद्रा किंवा न्यास (मंत्र म्हणत अंगांना केलेला स्पर्श) घेतलेला नाही. नाट्यशास्त्रात एका हाताचे २४ आणि दोन्ही हातांचे १३ हस्त सांगितले आहेत, त्यांपैकीही एकही येथे नाही. या पद्धतीचा प्रत्येक हस्त तोंडात काय घडते आहे, एवढेच दाखवतो. त्यामुळे तो पाठ करावा लागत नाही, समजून घ्यावा लागतो.

३. जादूटोणाविरोधी कायद्यात हे बसत नाही ना?

हा प्रश्न सर्वाधिक येतो आणि तो विचारला जावा असेच आम्हाला वाटते. महाराष्ट्राने ऑगस्ट २०१३ मध्ये यासंबंधी वटहुकूम काढला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये, नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात, त्याचे कायद्यात रूपांतर झाले. या कायद्यात सहा महिने ते सात वर्षे कारावास आणि ५,००० ते ५०,००० रुपये दंड अशी तरतूद आहे. भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणे, चमत्काराचा दावा करून लोकांना फसवणे, साप किंवा कुत्रा चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र करणे, अशा अमानुष आणि फसव्या कृत्यांविरुद्ध तो आहे. गोष्ट सांगणे किंवा नाटक करणे हे त्याचे लक्ष्य नाही.

तरीही आम्ही स्वतःवर तीन बंधने घातली आहेत आणि ज्यांना अक्षरहस्त हे नाव वापरायचे आहे, त्यांनीही ती पाळावीत अशी आमची आग्रहाची विनंती आहे. बैठकीसाठी पैसे घेऊ नयेत. कोणाच्याही खऱ्या आजाराचा, संकटाचा किंवा इच्छेचा विषय प्रयोगात आणू नये. आणि प्रत्येक बैठकीच्या आरंभी, नवा माणूस असो वा नसो, ‘हे आपण रचलेले आहे’ हे वाक्य निवेदकाने मोठ्याने म्हणावे. हे वाक्य गाळले गेले, तर ती बैठक आमच्या पद्धतीची नाही.

४. बैठकीत कोणाची काय भूमिका असते? काय साहित्य लागते?

निवेदक गोष्ट पुढे नेतो. प्रयोक्ते पात्रे खेळतात आणि प्रयोग करतात. साक्षी ऐकतो, पाहतो आणि मुख व हात जुळले की नाही हे सांगतो. मात्रा, म्हणजे उच्चाराची लांबी, मोजण्याचे कामही त्याचेच. चार ते सात माणसे पुरेशी होतात. साहित्य काहीच लागत नाही. उदबत्ती, हळदकुंकू, लिंबू, दिवा असे काही मांडू नये, कारण त्या वस्तूंना लोकांच्या मनात आधीच अर्थ आहेत आणि ते अर्थ येथे आणण्याचा आपल्याला अधिकार नाही.

५. उजव्या हाताची बोटे आणि अक्षरांचे वर्ग यांचा संबंध कसा लावला आहे?

व्यंजनांचे पाच वर्ग घशापासून ओठांकडे, म्हणजे आतून बाहेर, या क्रमाने येतात. उजव्या हाताची बोटेही अंगठ्यापासून करंगळीकडे त्याच क्रमाने घेतली आहेत. ज्या वर्गाचे अक्षर उच्चारायचे, ते बोट तळहाताकडे वाकवायचे. बाकीची चार सरळ राहतात. हे बोट प्रयोगाचा विषय ठरवते.

कवर्गासाठी अंगठा आणि विषय जमीन, दगड, पाया. कारण हा आवाज सर्वांत खोलवरून येतो. चवर्गासाठी तर्जनी आणि विषय झाडे, प्राणी, वाढणारे सारे. टवर्गासाठी मधले बोट आणि विषय आग व धातू. जिभेचे टोक मागे वळून टाळूवर आघात करते, त्यात घणाचा ठोका आम्हाला ऐकू आला. तवर्गासाठी अनामिका आणि विषय पाणी. पवर्गासाठी करंगळी आणि विषय वारा, वास, आवाज व वार्ता, कारण ओठांपाशी श्वास शरीर सोडून जातो.

अनामिका एकटी वाकवणे बहुतेकांना जमत नाही; तिच्यासोबत करंगळी किंवा मधले बोट थोडे ओढले जातेच. ही हाताची रचनाच तशी आहे, म्हणून साक्षीने सर्वाधिक वाकलेले बोट ग्राह्य धरावे.

६. डावा हात काय करतो?

डावा हात क्रिया ठरवतो. प्रत्येक वर्गात पाच अक्षरे असतात आणि त्यांच्यातला फरक तीन गोष्टींनी पडतो : श्वासाचा जोर कमी की जास्त, स्वरतंतू कंप पावतात की नाही, आणि हवा नाकातून जाते की नाही. हे तिन्ही डाव्या हाताने दाखवायचे.

अल्पप्राण अक्षराला मूठ बंद, महाप्राण अक्षराला मूठ उघडी. अघोष अक्षराला हात कमरेशी, घोष अक्षराला हात छातीवर, जिथे कंप प्रत्यक्ष जाणवतो. अनुनासिकाला उघड्या हाताची बोटे नाकाच्या कडेला. एवढे कळले की पंचवीसही अक्षरांचे हस्त आपोआप येतात. ‘त’ला बंद मूठ कमरेशी, ‘थ’ला तीच मूठ कमरेशी उघडायची, ‘द’ला बंद मूठ छातीला टेकवायची, ‘ध’ला छातीवरून मूठ उघडत हात पुढे न्यायचा, ‘न’ला बोटे नाकाशी.

क्रिया याच क्रमाने आहेत : थांबवणे, मोकळे करणे, जागवणे, पसरवणे, जाणणे. म्हणजे ‘थ’ हे पाणी मोकळे करणारे अक्षर, ‘भ’ वारा पसरवणारे, ‘ट’ आग थांबवणारे आणि ‘ण’ धातूचा इतिहास जाणणारे.

७. स्वरांचे काम काय? ह्रस्व-दीर्घाने काय फरक पडतो?

स्वराचा प्रकार दिशा सांगतो आणि त्याची लांबी व्याप्ती सांगते. ‘अ’ म्हणजे जागच्या जागी, ‘इ’ म्हणजे प्रयोक्त्याकडे, ‘उ’ म्हणजे त्याच्यापासून दूर. ‘ए’ आणि ‘ओ’ हे जोडस्वर असल्यामुळे त्यांत दोन टप्पे येतात : परिणाम आधी जागी घडतो, मग ‘ए’ने जवळ किंवा ‘ओ’ने दूर सरकतो. ‘ऐ’ आणि ‘औ’ आम्ही वापरत नाही.

ह्रस्व स्वर एक मात्रा टिकतो आणि त्याचा परिणाम हात पोहोचेल एवढ्याच अंतरावर होतो. दीर्घ दोन मात्रांचा, त्याचा परिणाम एका घर-अंगणाएवढा. प्लुत तीन मात्रांचा, त्याचा परिणाम नजर जाईल तिथवर. मात्रा मोजण्यासाठी साक्षी मांडीवर बोटाने ठोके देतो. ज्यांना हे माप कानाने पकडायचे आहे, त्यांच्यासाठी जुन्या शिक्षाग्रंथांनी सुंदर सोय करून ठेवली आहे : नीलपंख पक्ष्याचा आवाज एका मात्रेचा, कावळ्याचा दोन मात्रांचा आणि मोराचा तीन मात्रांचा, असे त्यांत सांगितले आहे. गोरेवाड्याच्या बाजूला सकाळी फिरायला जाणाऱ्यांना मोराची ती लांबलेली केका ऐकायला मिळू शकते. नवशिक्या प्रयोक्त्याने प्लुत म्हणण्यापूर्वी ती एकदा लक्षपूर्वक ऐकावी, कारण बहुतेकांचा प्लुत दोन मात्रांतच संपतो.

८. आज्ञा आणि विनंती यांत फरक काय?

नेहमीच्या बोलण्याच्या पट्टीपेक्षा वर उच्चारलेला प्रयोग ही आज्ञा, खाली उच्चारलेला ही विनंती. आज्ञा निवेदकाला नाकारता येत नाही. विनंती नाकारता येते, मात्र नकाराचे कारण त्याने गोष्टीच्या आतूनच द्यावे लागते : विहीर आटलेली आहे, वारा दुसऱ्या कोणाला बांधलेला आहे, झाडाला अजून राग आहे. गोष्टीतील उत्तमोत्तम वळणे आम्हाला अशा नकारांतूनच मिळाली आहेत, म्हणून विनंतीला कमी लेखू नये. आज्ञेचे मोल दुप्पट असते (प्रश्न १० पाहा).

९. एक प्रयोग आरंभापासून शेवटपर्यंत सांगाल का?

गोष्टीतल्या एका जुन्या वाड्याच्या माजघरात आग लागली आहे, असे समजू. प्रयोक्त्यापुढे निदान दोन मार्ग आहेत. तो आगच थांबवू शकतो किंवा परसातल्या विहिरीचे पाणी मोकळे करून आपल्याकडे ओढू शकतो.

पहिला मार्ग घेतला, तर तो दोन्ही हात उघडे ठेवून एक पूर्ण श्वास घेतो, हा आरंभ. मग उजव्या हाताचे मधले बोट वाकवतो, डावी मूठ बंद करून कमरेशी नेतो आणि ‘टा’ हे अक्षर दोन मात्रा उच्चारतो. आवाज संपला तरी हात तसेच ठेवून तो साक्षीच्या पुढच्या ठोक्यापर्यंत थांबतो, ही धारणा. अखेरीस विसर्गाचा हलका श्वास सोडून दोन्ही हात उघडतो. साक्षी ‘जुळले’ असे म्हणतो आणि आग माजघरातच थांबते. ती विझत नाही, हे ध्यानात घ्यावे. ‘ट’ने आग थांबते, आणि विसर्गापूर्वी हात सुटले तर तीही सुटते.

दुसऱ्या मार्गात अनामिका वाकवून, डावी मूठ कमरेशी उघडत ‘थी’ म्हणायचे. पाणी प्रयोक्त्याकडे येते. तो जर आगीच्या अलीकडे उभा असेल, तर पाणी त्याच्यापाशीच थांबेल आणि आग पलीकडे जळतच राहील. म्हणून प्रयोग करण्यापूर्वी आपले पात्र कोठे उभे आहे, हे निवेदकाला विचारून घ्यावे.

१०. प्रयोगाचे मोल काय असते?

मौन. ह्रस्व प्रयोगानंतर प्रयोक्त्याने इतरांची एक पाळी, दीर्घानंतर दोन आणि प्लुतानंतर तीन पाळ्या बोलायचे नाही. आज्ञा असेल तर त्याच्या दुप्पट. हे मौन पात्राचे आहे आणि माणसाचेही. या काळात तो खुणाही करत नाही. ज्याने मोठा आवाज वापरला, त्याने नंतर इतरांचे ऐकावे, एवढाच यामागचा विचार आहे. आणि गोष्टीचा तोल त्यामुळे टिकतो, असा आमचा अनुभव आहे.

११. उच्चार आणि हात जुळले नाहीत, तर प्रयोग वाया जातो का?

वाया जात नाही, वाकडा जातो. अशा वेळी विषय हाताकडून घेतला जातो आणि क्रिया मुखाकडून. प्रयोक्त्याने तोंडाने ‘थ’ म्हटले, पण हाताने ‘भ’चा हस्त केला, तर करंगळीमुळे विषय वारा ठरतो आणि ‘थ’मुळे क्रिया मोकळे करण्याची. पाणी मोकळे होण्याऐवजी वारा सुटतो.

ही कल्पना आम्हाला वृत्राच्या कथेवरून सुचली. त्वष्ट्याला इंद्राला मारणारा पुत्र हवा होता, म्हणून त्याने यज्ञ केला आणि त्यातून वृत्र जन्मला. परंतु ‘इंद्रशत्रु’ या शब्दातला आघात चुकीच्या जागी पडला आणि अर्थ ‘इंद्र ज्याला मारील तो’ असा झाला. अक्षरे तीच राहिली, केवळ स्वर बदलला, आणि यज्ञाचे फळ उलटले. चुकीचा उच्चार निष्फळ ठरत नाही, तर दुसरेच फळ देतो, हा विचार गोष्ट घडवणाऱ्यांसाठी मोलाचा आहे. म्हणून साक्षीने ‘चुकले’ असा शब्द वापरू नये; काय घडले तेवढे सांगावे.

१२. ‘ग’ म्हणताना शेवटचा ‘अ’ ऐकू आला पाहिजे का?

होय. मराठीत ‘राग’, ‘घर’, ‘पाऊस’ असे शब्द बोलताना शेवटचा ‘अ’ आपण उच्चारत नाही, आणि ही सवय प्रयोगातही शिरते. स्वर नसेल तर दिशा आणि व्याप्ती दोन्ही ठरत नाहीत, म्हणून नुसते ‘ग्’ हे अर्धे राहिलेले अक्षर धरले जाते. अर्ध्या अक्षराचा उपयोग फक्त जोडप्रयोगात होतो (प्रश्न २१ पाहा).

१३. ‘चहा’तला च आणि ‘चाक’मधला च वेगळे आहेत. कोणता धरायचा?

दोन्ही धरायचे, पण वेगवेगळे. ‘चहा’, ‘जीव’ यांतला उच्चार शुद्ध तालव्य आहे. त्याला केवळ तर्जनी. ‘चाक’, ‘जाळे’, ‘झाड’ यांत जीभ दातांच्या मुळाशी येते. हा दंततालव्य उच्चार असल्यामुळे त्याला तर्जनी आणि अनामिका दोन्ही वाकवायची, आणि विषयही दोन्ही मिळून : पाण्यात वाढणारे किंवा आत पाणी धरणारे जीव. शिंगाडा, कमळ, शेवाळ, मासे, झाडाचा चीक हे सारे त्यात येतात. लिपीत हा भेद दिसत नाही, पण कानाला स्वच्छ कळतो. ‘छ’ मराठीत तालव्यच असतो, म्हणून पाण्यातले जीव मोकळे करणारे एका अक्षराचे साधन या पद्धतीत नाही. ही उणीव आम्ही जाणूनबुजून भरलेली नाही. मासे सोडवायचे असतील तर प्रयोक्त्याने दुसरा उपाय शोधावा.

१४. आमच्या बोलीत ‘ळ’चा ‘य’ होतो आणि ‘ण’चा ‘न’. आमचे प्रयोग अशुद्ध ठरतील का?

ठरणार नाहीत. या उत्तरासाठी थोडी जागा घेत आहोत, कारण हा प्रश्न विचारणाऱ्यांच्या आवाजात अनेकदा संकोच असतो आणि तो शाळेपासून आलेला असतो.

वऱ्हाडी-नागपुरी बोलीत ‘डोळा’चा ‘डोया’, ‘काळा’चा ‘काया’, ‘पाणी’चे ‘पानी’ होते. हे उच्चार आळसाने आलेले नाहीत. ते नियमित आहेत आणि बोलणाऱ्याच्या सर्व शब्दांत सारख्याच जागी येतात. आमच्या पद्धतीत ‘ळ’ हे उलटवणारे अक्षर आहे : जीभ मागे वळून पुढे आदळते, म्हणून उजव्या हाताचे मनगट फिरवून तळवा वर करायचा, आणि आधीच्या प्रयोगाचा परिणाम उलटा होतो. ‘य’ मात्र दोन प्रयोग एकामागोमाग जोडणारे अक्षर आहे. त्याला दोन्ही हातांच्या तर्जन्या एकमेकींना टेकवायच्या. तेव्हा बोलीतला ‘ळ’ नेमका ‘य’ झाला, तर अर्थ बदलण्याची शक्यता आहे, ही अडचण खरी आहे.

तिचा निर्णय असा केला आहे. बैठकीच्या आरंभी प्रत्येक प्रयोक्ता ‘काळा’, ‘पाणी’ आणि ‘माया’ हे तीन शब्द आपल्या घरी बोलतात तसे उच्चारतो. साक्षी ते ऐकतो आणि त्या व्यक्तीपुरते तेच प्रमाण मानतो. ज्याच्या बोलीत दोन अक्षरे एकच झाली आहेत, त्याच्या बाबतीत भेद हाताने ठरतो : मनगट फिरले तर ‘ळ’, तर्जन्या टेकल्या तर ‘य’. ‘ण’ आणि ‘न’ यांचेही तसेच. मधले बोट वाकले तर धातू, अनामिका वाकली तर पाणी. प्रश्न ११ मधला न जुळण्याचा नियम येथे लागू होत नाही.

पुण्याच्या एखाद्या पाहुण्याने ‘शुद्ध बोला’ असा आग्रह धरला, तर साक्षीने त्याला नम्रपणे पण ठामपणे थांबवावे. या पद्धतीत शुद्धता म्हणजे स्वतःच्या मुखाचा आणि स्वतःच्या हाताचा मेळ; दुसऱ्याच्या मुखाशी मेळ नव्हे.

१५. ‘ङ’ आणि ‘ञ’ सुटे कसे उच्चारायचे?

‘रंग’ म्हणताना ‘ग’च्या आधी जिथे थांबतो तो ‘ङ’. ‘पंच’ म्हणताना ‘च’च्या आधी येतो तो ‘ञ’. तिथे आवाज रोखून धरावा आणि मग स्वर जोडावा. सुरुवातीला साक्षीने उदार असावे.

१६. प्रयोग कुजबुजत केला तर चालतो का?

चालतो, पण परिणाम बदलतो. कुजबुजताना स्वरतंतू कंप पावत नाहीत, त्यामुळे घोष अक्षरे घोष राहतच नाहीत. कुजबुजलेला ‘ग’ प्रत्यक्षात ‘क’च्या आणि ‘घ’ ‘ख’च्या जागी जातो. म्हणून गुपचूप जागवू पाहणारा प्रयोक्ता थांबवून बसतो आणि पसरवू पाहणारा मोकळे करतो. प्रत्येक वर्गातली पाच अक्षरे तीनवर येतात, म्हणजे कुजबुजणाऱ्याच्या हाती पंचवीसऐवजी पंधराच उरतात. लपून प्रयोग करण्याची ही स्वाभाविक मर्यादा आहे आणि ती आम्ही घातलेली नाही, शरीराने घातली आहे. पट्टीही उरत नसल्यामुळे कुजबुजलेला प्रयोग नेहमी विनंतीच समजावा.

१७. सर्दी झाली असेल तर?

नाक बंद असेल तर हवा नाकातून जात नाही आणि ‘म’ ‘ब’सारखा, ‘न’ ‘द’सारखा ऐकू येतो. म्हणजे जाणणारे अक्षर जागवणारे होते. पात्रालाही सर्दी आहे असे प्रयोक्त्याने आधी जाहीर केले, तर हा बदल खरा धरावा. अन्यथा साक्षीने हात पाहून ‘न’च मानावा. ताप किंवा घसादुखी असेल, तर घरी थांबून विश्रांती घ्यावी.

१८. मी डावखुरा आहे. माझ्या बहिणीला ऐकू येत नाही. मित्र बोलताना अडखळतो. आम्ही येऊ शकतो का?

अवश्य यावे. डावखुऱ्यांनी हातांची कामे अदलाबदल करावीत आणि तसे आरंभी सांगावे. एखादे बोट नसेल किंवा वाकत नसेल, तर दुसऱ्या हाताने त्या जागेला स्पर्श करावा.

ज्यांना ऐकू येत नाही, त्यांच्यासाठी नियम सैल करावे लागत नाहीत, कारण डाव्या हाताचे हस्त मुळातच आवाजाचे स्पर्शरूप आहेत : घोष छातीवर हाताला कळतो, महाप्राणाचा झोत तळव्याला लागतो, अनुनासिकाचा कंप नाकाच्या कडेला जाणवतो. ज्यांना आवाज काढायचा नाही, त्यांनी ओठांनी अक्षर आकारावे. पट्टी दाखवण्यासाठी हात किंचित वर किंवा खाली धरावा आणि मात्रा साक्षीने त्यांच्या खांद्यावर ठोके देऊन मोजाव्यात.

अडखळणाऱ्या प्रयोक्त्याच्या बाबतीत मोजणी अक्षर सुटल्यापासून सुरू होते. त्याआधीचा प्रयत्न आरंभाचाच भाग समजावा. कोणीही त्याचे अक्षर पूर्ण करून देऊ नये.

१९. मारबतीची आरोळी प्रयोगात वापरू का?

कृपया वापरू नये. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, नागपुरात काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे वाईटाचे प्रतीक असलेल्या मोठ्या पुतळ्यांची मिरवणूक, निघते. काळीची परंपरा १८८१ पासूनची आणि पिवळीची १८८५ पासूनची सांगितली जाते. ‘इडा, पिडा घेऊन जा गे मारबत’ ही आरोळी, तिच्यात दर वर्षी जोडली जाणारी नवी दुःखे आणि त्या-त्या वर्षाच्या रागाला रूप देणारे बडगे, म्हणजे पुतळे, हे या शहराचे जिवंत सामूहिक कर्म आहे. हजारो लोक रस्त्यावर उतरून खऱ्या मनाने जे म्हणतात, ते आपल्या रचलेल्या खेळातले साधन करणे योग्य नाही.

शिकण्यासारखे मात्र तिथे पुष्कळ आहे. एकाने हाक द्यायची आणि सर्वांनी एकाच ओळीने उत्तर द्यायचे, यामुळे आवाजाला जे वजन येते, ते एकट्याच्या कंठाला कधीच येत नाही. आपल्या गोष्टीतल्या गावासाठी वेगळी आरोळी हवी असेल, तर ती नव्याने रचावी.

२०. बैठक गच्चीवर घ्यावी की मोकळ्या मैदानात? आवाज घुमतो त्याचे काय करावे? व्हिडिओ कॉलवर जमेल का?

गच्ची उत्तम, पण रात्री दहानंतर शेजाऱ्यांचा विचार करावा. ध्वनिप्रदूषण नियमांत निवासी भागासाठी दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे, आणि रात्र म्हणजे दहा ते सकाळी सहा. उन्हाळ्यात सूर्य कलल्यावरच बसावे आणि पाणी जवळ ठेवावे. कोरड्या घशाने महाप्राण नीट निघत नाहीत. देवळे, विहार, दर्गे आणि दीक्षाभूमीचा परिसर येथे बैठक घेऊ नये.

समोर सुमारे १७ मीटरवर किंवा त्याहून दूर मोठी भिंत असेल, तर प्रतिध्वनी वेगळा ऐकू येतो, कारण आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो आणि कानाला दोन आवाज वेगळे कळायला साधारण एक दशांश सेकंद लागतो. नागपूरच्या ४५ अंशांच्या दुपारी हा वेग सुमारे ३५८ मीटर होतो, पण आपल्या नियमाला त्याने फरक पडत नाही. प्रतिध्वनीला मुख आहे पण हात नाही, म्हणून तो प्रयोग ठरत नाही. ध्वनिमुद्रणाचेही तसेच. मात्र धारणेचे हस्त कायम असतानाच प्रतिध्वनी परत आला, तर त्याला हात मिळतो आणि प्रयोग दुसऱ्यांदा घडतो. मोलही दोनदा लागते. डोंगराळ प्रदेशातल्या गोष्टींसाठी हा अपवाद मुद्दाम ठेवला आहे.

व्हिडिओ कॉलवर चित्र आणि आवाज पुढे-मागे होतात आणि साक्षीला मेळ ठरवता येत नाही. नाइलाज असेल, तर प्रयोक्त्याच्या खोलीतच एक साक्षी बसवावा.

२१. दोघांनी मिळून एक प्रयोग करता येतो का?

येतो, त्याला जोडप्रयोग म्हणतो आणि तो जोडाक्षराने होतो. पहिला प्रयोक्ता अर्धे अक्षर देतो, दुसरा पूर्ण. पहिल्याने ‘प्’ आणि दुसऱ्याने लगेच ‘ता’ म्हटले, तर ‘प्ता’ होऊन वारा आणि पाणी एकाच वेळी थांबतात, आणि वादळात सापडलेली नाव वाचते. व्याप्ती दुसऱ्याच्या स्वराने ठरते, मोल दोघांत वाटले जाते आणि विषम पाळी उरली तर ती पहिल्याकडे जाते.

अडचण दोन ठिकाणी येते. पहिल्याच्या तोंडून सवयीने ‘प’ असा पूर्ण उच्चार निघाला, तर तो त्याचा स्वतंत्र ह्रस्व प्रयोग ठरतो आणि दुसऱ्याचा ‘ता’ एकटा पडतो. उलट, दोन्ही अक्षरांत एका मात्रेहून अधिक अंतर पडले, तर अर्धे अक्षर साक्षीकडे राहते. मग त्या बैठकीत पुढे कोणीही, अगदी विरोधी पात्रानेही, आपल्या पूर्ण अक्षराआधी उजवा हात साक्षीकडे करून ते मागून घ्यावे. साक्षीने ते नाकारायचे नसते.